वाट आधी कोणाची?

महाभारताच्या आदिपर्वात कल्माषपाद राजाची कथा आहे. शिकारीहून दमून, भुकेला-तहानलेला हा इक्ष्वाकू कुळातला राजा रानातल्या अरुंद वाटेने परतत होता आणि समोरून वसिष्ठांचा थोरला मुलगा शक्ती आला. वाट एका वेळी एकालाच जाता येईल एवढीच. राजा म्हणाला, बाजूला हो. शक्ती म्हणाला, राजाने ब्राह्मणाला वाट द्यावी असा धर्म आहे. दोघांपैकी कोणी तसूभर सरकेना. शेवटी राजाने चाबूक ओढला, शक्तीने शाप दिला, राजाचा नरभक्षक राक्षस झाला, आणि त्या राक्षसाने पहिला बळी घेतला तो शक्तीचाच. ही कथा बहुधा क्रोधाच्या दुष्परिणामासाठी सांगतात. मला तिच्यात दुसरेच काही दिसते. दोघेही फक्त 'मी कोण' एवढेच सांगत होते. वाट ही मुळात कशासाठी असते आणि ती कोणत्या न्यायाने वाटून घ्यायची, हा प्रश्न दोघांपैकी एकाच्याही तोंडी आला नाही. शहरात बससाठी राखलेल्या मार्गिकेत मोटार किंवा दुचाकी घालावी की नाही, हा आपल्याला दंडाच्या पावतीचा विषय वाटतो. पण त्याच्या तळाशी हाच न विचारलेला प्रश्न आहे.

जुन्या धर्मशास्त्राने तो अगदीच सोडून दिला होता असे नाही. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात वाट कोणाला द्यावी याची यादीच आहे: गाडीत बसलेला, नव्वदी ओलांडलेला म्हातारा, रोगी, ओझेवाला, स्त्री, स्नातक (वेदाध्ययन पुरे केलेला), राजा आणि नवरदेव. यादी नीट पाहिली तर तिच्यात दोन वेगळे न्याय एकाच दोरीत ओवलेले दिसतात. म्हातारा, रोगी, ओझेवाला यांना वाट मिळते ती गरजेमुळे. थांबणे त्यांना जड जाते. राजा आणि स्नातक यांना मिळते ती पदामुळे. थांबणे त्यांना शोभत नाही. आणि सगळे एकदम समोरासमोर आले तर काय, याचे उत्तर पुढच्याच श्लोकात आहे: तेव्हा मान स्नातकाचा आणि राजाचा, आणि त्या दोघांतही स्नातकाचा. म्हणजे पेच पडला की गरज मागे सरते आणि पद पुढे होते. बौद्ध परंपरेतल्या राजोवाद जातकात हाच पेच दोन रथांचा आहे. काशीचा राजा आणि कोसलचा मल्लिक राजा खोलगट वाटेत समोरासमोर येतात. सारथी आधी वयाची तुलना करतात, मग राज्याच्या विस्ताराची, सैन्याची, संपत्तीची, कुळाची. सगळे सारखेच निघते. शेवटी शीलावर निकाल लागतो: मल्लिक कठोराशी कठोर वागतो, काशीचा राजा क्रोधाला अक्रोधाने जिंकतो, म्हणून मल्लिकाचा रथ बाजूला होतो. पदापेक्षा शील केव्हाही बरे. पण चौकात, सिग्नल हिरवा असताना, कोणाचे शील किती हे तपासणार कोण?

बसमार्गिका या जुन्या वादाला तिसरे उत्तर देते. ती पद विचारत नाही आणि शीलही विचारत नाही, माणसे मोजते. आणि इथेच पहिला आणि सर्वांत मोठा आक्षेप येतो: मार्गिका तर रिकामी पडलेली असते, शेजारी गाड्या खोळंबल्यात, हा कसला न्याय? त्याचे उत्तर साध्या हिशेबात आहे. बारा मीटर लांबीची बस ताशी २० किलोमीटर वेगाने जात असेल, तर रस्त्यावरच्या एका ठिकाणावरून ती जेमतेम दोन सेकंदांत पार होते. दर दोन मिनिटांनी एक बस धरली, तर शेजारच्या मोटारीत बसलेल्याला ती जागा एकशे अठरा सेकंद मोकळी दिसते आणि दोन सेकंद भरलेली. पण बसमागे पन्नास माणसे धरली तर तेवढ्यात तासाला दीड हजार माणसे पुढे गेलेली असतात. शेजारच्या मार्गिकेतून, सिग्नल सांभाळत, तासाला आठशे मोटारी गेल्या आणि प्रत्येकीत सरासरी दीड माणूस धरला, तरी आकडा बाराशेवर थांबतो. हे आकडे उदाहरणादाखल घेतलेत, शहराशहरांत ते बदलतील. पण मुद्दा बदलत नाही. डोळ्याला गर्दी म्हणजे उपयोग आणि मोकळीक म्हणजे नासाडी असे वाटते. मार्गिकेचा गुण मात्र तिच्या मोकळेपणातच आहे. बस अडकू लागेल इतपत ती भरली की तिचे काम संपलेच.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे, कारण त्यामागे इतिहास आहे. रस्ता राखून ठेवणे ही आपल्या देशात निष्पाप गोष्ट नाही. त्रावणकोरमध्ये ज्या वाटांवर दलितांना फिरकू दिले जात नव्हते, त्याच सार्वजनिक वाटांवरून अय्यनकाली यांनी १८९३ मध्ये बैलगाडी हाकली, तेव्हा ते बंड ठरले. १९२४ मध्ये वैकोमचा सत्याग्रह झाला तोही मंदिरात शिरण्यासाठी नव्हता, मंदिराभोवतालच्या रस्त्यांवरून चालता यावे एवढ्यासाठी होता. वर ज्या मनुस्मृतीची यादी घेतली ती महाडला १९२७ मध्ये का जाळली गेली, हे महाराष्ट्रात वेगळे सांगायला नको. इतक्या कष्टाने सर्वांचा झालेला रस्ता पुन्हा कोणासाठी तरी राखायचा, तर समतेचे काय, असे कोणी विचारले तर त्याला हसून चालणार नाही. पण राखीव वाट आणि राखीव वाट यांत फरक असतो आणि तो ओळखायची खूण सोपी आहे: जिच्यासाठी वाट राखली त्या गाडीचे दार कोणाला उघडे आहे? सोव्हिएत काळातल्या मॉस्कोत रस्त्याची मधली पट्टी पक्ष आणि शासनातल्या बड्यांच्या 'झिल' मोटारींसाठी असे. ते दार सामान्य माणसाला बंदच. बसचे दार तिकिटाचे पैसे देणाऱ्या प्रत्येकाला उघडे असते. आज मोटारीत खोळंबलेला माणूसही उद्या त्याच मार्गिकेचा हक्कदार होऊ शकतो, त्याला जात, हुद्दा, ओळख काही लागत नाही. लंडनमध्ये नेमका याच खुणेवरून खटला झाला. तिथल्या काळ्या टॅक्सींना बसमार्गिकेत मुभा आणि खासगी भाड्याच्या गाड्यांना मज्जाव का, हा वाद युरोपीय न्यायालयापर्यंत गेला. २०१५ मध्ये न्यायालयाने ही मुभा अन्याय्य पक्षपात मानली नाही. रस्त्यात हात केलेल्या गिऱ्हाइकाला काळी टॅक्सी कायद्याने नाकारू शकत नाही, चाकाच्या खुर्चीतला माणूस आत घेता येईल अशीच ती असावी लागते, भाडे मीटरनेच. दार जितके उघडे, तितका वाटेवरचा हक्क मोठा.

दिल्लीत हा वाद उघडपणे न्यायालयात उभा राहिला, म्हणून तो आपल्या अधिक जवळचा. आंबेडकर नगर ते मूलचंद हा ५.८ किलोमीटरचा बीआरटी, म्हणजे बससाठी वेगळी मार्गिका राखलेला मार्ग २००८ मध्ये सुरू झाला. २०१२ मध्ये एक संस्था उच्च न्यायालयात गेली: मोटारींचा वेळ जातो, इंधन जळते, बसमार्गिका सर्वांना खुली करा. त्या वेळी मांडला गेलेला एक मुद्दा असा होता की मोटारीतून जाणारे लोक संपत्ती निर्माण करतात, त्यांचा वेळ मोलाचा. न्यायालयाने याचिका फेटाळली. तरीही २०१६ मध्ये तो मार्ग उखडलाच. न्यायालयात जिंकलेली मार्गिका रस्त्यावर हरली. संपत्तीनिर्मितीचा तो मुद्दा मात्र नीट न्याहाळावा असा आहे, कारण तो राजाचा आणि स्नातकाचाच मुद्दा आहे. कपडे तेवढे बदललेत. पदाच्या जागी उत्पन्न आले. पन्नास बसप्रवाशांतली परिचारिका, लेथवर काम करणारा कामगार, सकाळच्या शाळेचे शिक्षक संपत्ती निर्माण करत नाहीत, हे कोणत्या हिशेबाने ठरवायचे? आणि ठरवता आले तरी रस्त्यावरचे मिनिट पगाराच्या तराजूत तोलायचे असेल, तर मग मतपेटीपुढची रांगही त्याच तराजूने लावावी लागेल. 'आम्ही रस्त्याचा कर भरतो' हा त्याचाच धाकटा भाऊ. कर भरून रस्त्याच्या वापरात वाटा मिळतो, मालकी मिळत नाही. जास्त प्राप्तिकर भरणाऱ्याला आपण दोन मते देत नाही.

तिसरा आक्षेप कोणी मोठ्याने मांडत नाही, पण चाकामागे बसलेल्या प्रत्येकाच्या मनात तो असतो: माझ्या एका गाडीने काय होतेय? बस मागे लांब आहे, सिग्नल सुटतोय, मी शंभर मीटर जाऊन बाहेर पडतो. ब्रिटिश तत्त्वज्ञ जोनाथन ग्लोव्हर यांनी १९७५ मध्ये याच प्रश्नासाठी एक दृष्टांत रचला होता. शंभर गावकरी जेवायला बसलेत, प्रत्येकाच्या ताटात शंभर दाणे. शंभर दरोडेखोर येतात, पण प्रत्येक जण प्रत्येक गावकऱ्याच्या ताटातून एकेकच दाणा उचलतो. एक दाणा गेल्याचे कोणाला कळतही नाही. तरीही शेवटी शंभर ताटे रिकामी आणि गाव उपाशी. कोणीही 'मी उपाशी ठेवले' म्हणणार नाही, आणि प्रत्येकाचे म्हणणे खरे वाटेल. बसमार्गिकेत हे दाणे प्रत्यक्ष मोजता येतात. थांबरेषेवर एक मोटार आणि चार दुचाक्या आधीच उभ्या असतील, तर बसचा हिरवा दिवा हुकतो. एक फेरा, म्हणजे मिनिट-दीड मिनिट गेले. तेवढ्यात पुढच्या थांब्यावर आणखी माणसे जमतात, चढायला वेळ लागतो, बस आणखी मागे पडते. मागून येणाऱ्या बसला थांबे रिकामे मिळतात, ती झपाट्याने येऊन पहिलीला चिकटते. थांब्यावरचा माणूस वीस मिनिटे वाट पाहतो आणि मग एकदम दोन बस येतात, पहिली खच्चून भरलेली आणि दुसरी निम्मी रिकामी. तो चालक-वाहकावर चिडतो. मार्गिकेतून वाचवलेले चाळीस सेकंद घेऊन गेलेला मोटारवाला तोवर घरी पोचलेला असतो. गीतेच्या तिसऱ्या अध्यायातली लोकसंग्रहाची कल्पना इथे उपयोगी पडते: एकाचे कर्म एकट्यापुरते राहत नाही, त्याकडे पाहून इतर वागतात. मार्गिकेत शिरलेली पहिली गाडी मागच्या दहांना वाट दाखवते. अकरावा चालक नियम पाळून उभा राहिला तर त्याच्या मागचे हॉर्न वाजवू लागतात.

आपल्या लोकांना शिस्तच नाही, इथे हे चालायचे नाही, असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. आषाढात पालख्या निघाल्या की दिवे घाटातली वाहने वळवली जातात, रस्ता पायी चालणाऱ्यांचा होतो, आणि मोटारवाले हातघाईवर न येता वळसा घालतात. कित्येक तर गाडी लावून हात जोडतात. वाट सोडणे आपल्याला जमत नाही असे मुळीच नाही. फक्त पालखीच्या मागून चालणारा आपल्याला वारकरी दिसतो आणि बसमध्ये लोंबकळणारा नुसता गर्दीचा भाग. अर्थात वारी वर्षातून एकदा येते आणि बस रोज. रोजच्या सोडण्याला दंड आणि कॅमेरा लागतो, एवढे मान्य.

शेवटचा आक्षेप मला सर्वांत खरा वाटतो: बसच येत नसेल तर? माणसे मोजून हक्क ठरवायचा, तर वीस मिनिटांत एकच बस जाणाऱ्या मार्गिकेचा हक्क त्याच मोजणीने ढासळतो. वरचा हिशेब उलटा केला तर तासाला दीडशेच माणसे उरतात. पुण्याने २००६ मध्ये कात्रज–स्वारगेट–हडपसर मार्गावर देशात प्रथम बीआरटीचा प्रयोग केला. तिथल्याच नगर रस्त्यावरची मार्गिका २०१६ मध्ये सुरू झाली आणि २०२३ पासून उखडली जाऊ लागली, कारण सांगितले गेले ते वाहतूककोंडीचे. मार्गिका आखणे ही सरकारने नागरिकांकडून घेतलेली उसनवारी आहे, आणि ती पुरेशा बस सोडूनच फेडायची असते. ती फेडली नाही तर मोटारवाल्याची तक्रार रास्त ठरते. पण रास्त तक्रारीतून घुसण्याचा हक्क निघत नाही. दवाखान्यात डॉक्टर वेळेवर येत नाहीत म्हणून रुग्णाची खाट कोणी झोपायला घेत नाही. मार्गिका ओस पडलेली दिसली तर महापालिकेला आणि बस चालवणाऱ्या पीएमपीएमएलला जरूर लिहा, नगरसेवकाला गाठा, सभेत प्रश्न विचारा. फक्त अर्जात मार्गिका काढा असे लिहू नका, बस वाढवा असे लिहा.