हळू, आणखी हळू



आज गीतेच्या सहाव्या अध्यायातले दोन श्लोक घेऊ, पंचविसावा आणि सव्विसावा. साध्या शब्दांत अर्थ असा: धीराने धरून ठेवलेल्या बुद्धीने हळूहळू शांत होत जावं, मन आत्म्याच्या ठायी ठेवावं, दुसरं काही चिंतू नये. आणि हे चंचल मन जिथे जिथे पळेल, तिथून तिथून त्याला परत आणावं.

यातल्या 'हळूहळू'वरून मी कित्येक वर्षं नुसता पुढे सरकत आलो. संस्कृतात तिथे 'शनैः' हा शब्द लागोपाठ दोनदा आलाय. (शनिवारचा शनी याच शब्दातला बरं का. शनैश्चर, म्हणजे हळू चालणारा.) गेल्या महिन्यात हा शब्द माझ्या डोक्यात पहिल्यांदा नीट शिरला, तोही व्हिएतनाममध्ये, हनोईच्या एका कॉफीच्या क्लासमध्ये. हसू नका, सांगतो.

आम्ही दोघं आठ दिवसांसाठी गेलो होतो. खरं तर जाणारच नव्हतो. दीड वर्षापूर्वी बाबांना स्ट्रोक आला. हातपाय बरेच सुधारले, पण बोलणं अडकलं. डॉक्टरांच्या भाषेत वाचाघात. काय म्हणायचंय ते त्यांना पक्कं ठाऊक असतं, शब्द तेवढा सापडत नाही. त्यांना आईवर सोडून फिरायला जायचं म्हणजे पोटात गोळा. शेवटी आईच म्हणाली, "जा रे, तू नसलास तर घर जरा शांत राहील." मी ते विनोद म्हणून घेतलं.

तर हनोई. जुन्या शहरातल्या गल्लीत एक अरुंद, उंच घर, दुसऱ्या मजल्यावर क्लास. बुटकी स्टुलं, आम्ही आठ जण, वेगवेगळ्या देशांतले. शिकवणारी बाई आमच्याहून थोडी मोठी. तिकडे अशा बाईला 'चि' म्हणतात, म्हणजे आपली ताईच. प्रत्येकापुढे एक काचेचा ग्लास आणि एक फिन. फिन म्हणजे त्यांचं कॉफीचं गाळणं, चार सुटे भाग: ग्लासवर बसणारी भोकांची ताटली, तिच्यावर डब्यासारखं भांडं, आत कॉफीवर ठेवायची भोकांची चकती आणि वर झाकण. माटुंग्याला फिल्टर कॉफीचं दोनमजली भांडं पाहिलं असेल तर त्याची धाकटी बहीण समजा.

ताईंनी आधी थोडा इतिहास सांगितला. कॉफीचं झाड तिकडे १८५७ च्या सुमारास फ्रेंच मिशनऱ्यांनी नेलं. आज ब्राझीलच्या खालोखाल सगळ्यात जास्त कॉफी व्हिएतनाम पिकवतं, आणि त्यातली बहुतेक रोबस्टा, कडक आणि कडू. ताजं दूध मिळायचं नाही, मिळालं तरी त्या उन्हात टिकायचं नाही, म्हणून डब्यातलं आटवलेलं गोड दूध आलं, आणि आता तेच त्या कॉफीचं रूप होऊन बसलंय. १९४६ मध्ये दुधाची आणखी टंचाई होती, तेव्हा न्गुएन वान झांग नावाच्या, मेट्रोपोल हॉटेलात काम करणाऱ्या माणसाने दुधाऐवजी अंड्याचं पिवळं फेटून घातलं. ती अंड्याची कॉफी आज जगप्रसिद्ध आहे. आम्ही ती फक्त पाहिली, घेतली नाही.

मग करायला घेतलं. ग्लासच्या तळाशी दोन चमचे आटवलेलं दूध. फिन गरम पाण्याने विसळून घ्यायचं. वीसेक ग्रॅम पूड घालायची आणि भांडं हलकेच हलवून सपाट करायची. वर चकती ठेवायची. मग थोडंसंच, दीडदोन चमचे, उकळतं पाणी घालून अर्धा मिनिट थांबायचं. पूड त्या पाण्याने फुलते. मग भांडं भरायचं, झाकण लावायचं आणि बसायचं. थेंब, थेंब, थेंब. चारपाच मिनिटं.

मला तो अर्धा मिनिटही निघाला नाही. पाणी वरच दिसतंय, खाली काही पडत नाही, शेजारच्या मुलीच्या ग्लासात थेंब सुरू झालेले. मी चमच्याच्या मागच्या बाजूने चकती दाबली. चांगली जोर लावून. मला वाटलं, दाबलं की खाली येईल, साधी गोष्ट आहे.

काहीच येईना. मग झाकण उघडून पाहिलं. पुन्हा लावलं. पुन्हा उघडलं.

ताई मागे येऊन उभी राहिली आणि माझ्या मनगटावर दोन बोटं ठेवून म्हणाली, "तू तू." मी चक्रावलो, ही मला मराठीत का हाक मारतेय? मग तिने इंग्रजीत उलगडा केला. ऐकायला आपल्या 'तू तू'च्या जवळ जाणारा तो शब्द म्हणजे त्यांच्या भाषेतलं हळूहळू. सावकाश. घाई नको. एकच शब्द दोनदा.

मग तिने माझं फिन उघडून दाखवलं. पूड दाबून दाबून चिखलाच्या वडीसारखी बसली होती, पाण्याला वाटच राहिली नव्हती. ती म्हणाली, चकती दाबण्यासाठी नसते, धरण्यासाठी असते. वरून पाणी पडलं की पूड उधळू नये, एका जागी राहावी, एवढंच तिचं काम. अगदी सैल ठेवली तर पाणी दोन मिनिटांत पळून जातं आणि कॉफी पाणचट. दाबून बसवली तर थेंब अडतो, आणि शेवटी जे उतरतं ते नुसतं कडू.

माझ्या ग्लासात शेवटी जे उतरलं ते खरंच पिण्यासारखं नव्हतं. ताईने ते ओतून दिलं आणि नवी पूड दिली.

दुसऱ्यांदा पाणी घालून मी हात मांडीवर ठेवून बसलो, आणि त्या चार मिनिटांत मला बाबा आठवले. नुसते आठवले नाहीत, मी त्यांच्याशी काय करतो ते दिसलं.

बाबा जेवायला बसले की म्हणतात, "च..." आणि मी सुरू होतो. चटणी? चपाती? चहा? चष्मा? चावी हवीय का बाबा? दोन सेकंदही जाऊ देत नाही. मला वाटतं मी मदत करतोय. चौथ्या-पाचव्या शब्दाला ते हात झटकतात आणि गप्प होतात. मग मी आईला म्हणतो, आज बाबांचा मूड नाही.

स्पीच थेरपिस्टनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं: थांबा, त्यांच्याकडे बघा, मनात दहा मोजा, शब्द तुम्ही देऊ नका. मी मान डोलावली होती. सहावा अध्याय वाचतानाही मी अशीच मान डोलावतो.

आणखी एक गोष्ट सांगतो, ती ज्यांच्या घरी असा आजार आहे त्यांना माहीत असेल. बाबांना 'पाणी' म्हणता येत नाही, पण जेवणाआधी आम्ही पंधरावा अध्याय म्हणतो तो ते आमच्याबरोबर म्हणतात, जवळजवळ अडखळत नाहीत. चाळीस वर्षांची ती वाट आतमध्ये शाबूत आहे. पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा आई रडली. मी मात्र दुसऱ्या दिवसापासून त्यावरही घाई केली, की मग बाकीचं का येत नाही?

आता श्लोकाकडे परत या. तिथे बुद्धीला एक विशेषण आहे: धृतीने धरलेली. धृती आपण धैर्य म्हणून वाचतो, ते बरोबरच आहे, पण शब्दाच्या मुळाशी 'धृ' आहे. धरणं. दाबणं नाही. मला वाटतं आपल्यापैकी पुष्कळ जण साधनेत इथेच चुकतो, मी तर नक्कीच. जपाला बसलो की मनावर चमचा घेऊन बसतो. शांत हो, शांत हो, वीस मिनिटं झाली तरी शांत कसं होत नाहीस? आणि दर दोन मिनिटांनी झाकण उघडून बघतो, काही उतरलं का. मग म्हणतो, माझ्याच्याने ध्यान होत नाही.

दुसरं टोकही आहे, ते लपवत नाही. 'हळूहळू'चं नाव सांगून मी मागच्या वर्षी तीन महिने पोथी उघडलीच नव्हती. ते सैल ठेवलेलं फिन. त्याला धीर म्हणत नाहीत, आळस म्हणतात.

माउलींनी या जागी फार प्रेमाने लिहिलंय. ज्ञानेश्वरीतही इथे 'हळुहळु' आहे, बुद्धी हे धैर्याचं राहण्याचं ठिकाण व्हावं असं ते सांगतात. पण माझ्यासारख्यासाठी त्यांनी लगेच दुसरा, सोपा मार्ग दिलाय. एकच नियम जिवाशी धरा. त्याने चित्त स्थिरावलं तर छानच. नाहीच स्थिरावलं तर? तर त्याला मोकळं सोडा. ते जिथे जाईल तिथून तो नियमच त्याला घेऊन येईल, आणि असं होता होता त्याला स्थिर राहायची सवय लागेल. किती मोठी मुभा आहे ही. मन पळालं म्हणून रागवायचं नाही, त्याचं मानगूट धरायचं नाही. नियम तेवढा सोडायचा नाही.

मग मी माझ्यापुरता नियम ठरवला, हनोईच्या त्या स्टुलावरच: बाबा बोलायला लागले की माझं तोंड बंद. दहा आकडे. जपाच्या वेळी मन पळतं तसं तोंडही पळणार, हे गृहीत धरून.

येताना एक फिन आणि अर्धा किलो कॉफी आणली. रोबस्टात कॅफिन बरंच जास्त असतं, म्हणून बाबांच्या डॉक्टरांना आधी विचारलं. ते म्हणाले, अर्धा कप, तोही सकाळीच. रविवारी सकाळी टेबलावर बाबांच्या समोर फिन ठेवलं, पाणी घातलं आणि आम्ही दोघं थेंब बघत बसलो. आई आतून दोनदा डोकावून गेली, हे दोघं काय बघत बसलेत म्हणून.

पहिला थेंब पडला तेव्हा बाबा म्हणाले, "च..."

माझ्या जिभेवर चहा आला होता, बाबा हा चहा नाही कॉफी आहे, हे वाक्यसुद्धा आलं होतं. गिळलं. मोजायला लागलो. चार. पाच. बाबांचे ओठ हलत होते, कपाळावर आठ्या. आठ. नऊ. दहा संपले, मी पुन्हा एकपासून सुरू केलं. पुढे कुठे पोचलो ते आठवत नाही.

"चमचा," बाबा म्हणाले. आणि ग्लासच्या तळाशी बसलेल्या पांढऱ्या दुधाकडे बोट दाखवलं.

ढवळायला चमचा हवाच होता की. मी आणायला विसरलो होतो.

परवा पुन्हा चुकलो. ऑफिसला उशीर होत होता, त्यांनी "च" म्हटलं आणि मी "चष्मा ना, घ्या" म्हणून त्यांच्या हातात दिला. चष्माच हवा होता त्यांना, तरी त्यांनी तो टेबलावर ठेवला आणि माझ्याकडे बघत राहिले. मी बॅग खाली ठेवली आणि समोर बसलो.

उद्या सत्ताविसावा श्लोक घेऊ. राम कृष्ण हरी.