चिरचाडीचा भास्कर



गडचिरोली जिल्ह्यात, कुरखेडा तालुक्यात चिरचाडी नावाचं गाव आहे. भास्कर हलामी तिथले. पावसाळ्यात शेतातलं संपलं, हाताला काम नसलं, की घरात मोहफुलं शिजायची. नाहीतर तांदळाच्या पिठाची पातळ आंबील. मोहफुलं पचायला जड, पण पोट भरायचं. वडिलांना शंभरेक किलोमीटरवरच्या कसनसूरच्या शाळेत स्वयंपाक्याचं काम मिळालं, हे घरी कळलं ते काही महिन्यांनी, वडील गावी परतले तेव्हा.

मग आश्रमशाळा, केळापूर, गडचिरोली, नागपूर आणि पुढे अमेरिकेतलं मिशिगन टेक्नॉलॉजिकल विद्यापीठ. डीएनए-आरएनएवर संशोधन करून त्यांनी डॉक्टरेट मिळवली, ते औषध कंपनीत वरिष्ठ शास्त्रज्ञ झाले.

आपण टाळ्या वाजवतो त्या शेवटच्या पायरीला. मला मधल्या पायऱ्यांची काळजी वाटते. मार्च-एप्रिलमध्ये परीक्षा असते, आणि तेव्हाच मोहफुलं पडतात. अशा गावातलं पोरगं वसतिगृहात पुस्तक उघडून बसतं, आई पहाटे टोपली घेऊन जंगलात असते. मेसमध्ये मुलं घरच्या जेवणाच्या गोष्टी सांगतात, तेव्हा ते गप्प राहतं. गावी गेलं की लोक म्हणतात, तू आता शहरातला झालास. हुशारी कमी पडत नाही, हे एकटेपण पोराला परत पाठवतं.

तुमच्या कॉलेजात एटापल्ली, जिवती, कुरखेडा अशा दुर्गम भागातलं कुणी शिकत असेल, तर या रविवारी त्याला घरी जेवायला बोलवा. त्याच्या आईबद्दल विचारा, आणि तो सांगेल ते पूर्ण ऐका.