नाव कुणाचे, सूर कुणाचे?

माणसाने सत्य बोलावे आणि माणसाने नम्र असावे, हे दोन्ही धडे आपण लहानपणी एकाच शिकवणीत गिरवलेले असतात. या दोन सद्गुणांत कधी कलह होईल, असे तेव्हा मनातही येत नाही. पाश्चात्त्य अभिजात संगीतातील गिटारच्या इतिहासात मात्र तसा कलह घडला आहे आणि त्याचे पडसाद आपल्या प्रार्थनामंदिरांपर्यंत पोहोचले आहेत.

विसाव्या शतकाच्या आरंभी गिटारला मैफलीच्या वाद्याचा मान नव्हता. घरगुती करमणुकीचे, फार तर लोकगीतांच्या साथीचे वाद्य, एवढीच तिची ओळख. स्पेनच्या आन्द्रेस सेगोव्हियाने (१८९३–१९८७) तिला पियानो आणि व्हायोलिनच्या पंक्तीला बसवण्याचा ध्यास घेतला. अडचण होती ती रचनांची. पियानोपाशी बेटहोव्हेन होता, व्हायोलिनपाशी बाख होता. गिटारपाशी असे थोर पूर्वज फारसे नव्हते. सेगोव्हियाने आपल्या काळातील संगीतकारांना गिटारसाठी लिहायला प्रवृत्त केले. त्यांत मेक्सिकोचा मान्युएल पोन्से (१८८२–१९४८) हा त्याचा जिवलग मित्र. १९२९ च्या सुमारास पोन्सेने जुन्या बारोक वळणाची एक नृत्यमालिका रचली. सेगोव्हिया ती कित्येक वर्षे मैफलींत वाजवीत राहिला. पण रचनाकार म्हणून नाव सांगे सिल्व्हियुस लेओपोल्ड वाइसचे. वाइस हा बाखचा समकालीन, ल्यूट या तंतुवाद्याचा थोर वादक. दोघेही १७५० साली निवर्तले. वाइसच्या शेकडो रचना हस्तलिखितांत पडून होत्या आणि त्या जाणणारे विरळा. रसिकांनी त्या नृत्यमालिकेतील प्राचीन गोडव्याचे कौतुक केले. तो गोडवा वस्तुतः त्यांच्याच काळातील एका हयात माणसाचा होता.

अशी लीला करणारे हे दोघेच नव्हते. थोर व्हायोलिनवादक फ्रिट्झ क्राइस्लर याने स्वतःच्या अनेक रचना जुन्या संगीतकारांच्या नावे वर्षानुवर्षे वाजवल्या आणि १९३५ साली ते उघड केले. इंग्रज समीक्षक अर्नेस्ट न्यूमन याने त्याला नैतिक दोष दिला. क्राइस्लरच्या उत्तराचा आशय असा, की नाव बदलले तरी रचनेचे मोल बदलत नाही.

हे उत्तर वरवर बिनतोड वाटते. सूर कानाला गोड लागला, तर तो कुणाचा हे विचारण्याचे प्रयोजन काय? परंतु मोल बदलत नव्हते, तर मग नाव बदलण्याची गरज का भासली? जुन्या नावाने श्रोत्याचा आदर आधीच मिळतो, हे ठाऊक होते म्हणूनच ना? म्हणजे ज्या नावाला बिनमोल ठरवायचे, त्याच नावाच्या मोलावर व्यवहार चालला होता.

संत ऑगस्टीनने असत्य या विषयावर दोन स्वतंत्र ग्रंथ लिहिले. पहिल्यात त्याने असत्याचे आठ प्रकार लावून दाखवले आणि सर्वच सदोष असले, तरी सर्वांचा दोष सारखा नाही असे सांगितले. थट्टेला मात्र त्याने या यादीबाहेर ठेवले. कारण थट्टा करणाऱ्याच्या स्वरावरूनच ऐकणाऱ्याला ती थट्टा आहे हे कळते. सेगोव्हिया आणि पोन्से यांच्या करणीला पुष्कळजण मित्रामित्रांतील थट्टा म्हणतात. त्या दोघांपुरती ती थट्टा असेलही. पण तिकीट काढून सभागृहात बसलेल्या श्रोत्याला तिचा स्वर कळण्याचा काहीच मार्ग नव्हता.

आता याच प्रश्नाचे दुसरे, अधिक हृद्य रूप पाहू. व्लादिमिर वाव्हिलोव्ह (१९२५–१९७३) हा सोव्हिएत रशियातील गिटार व ल्यूटवादक. १९७० साली ‘मेलोदिया’ या सरकारी कंपनीने त्याची ल्यूटवादनाची ध्वनिमुद्रिका काढली. तीवरील रचना सोळाव्या-सतराव्या शतकांतील असल्याचे छापले होते. त्यांतल्या बऱ्याच रचना वाव्हिलोव्हच्या स्वतःच्या होत्या. एक त्याने फ्रान्चेस्को दा मिलानो या इटालियन ल्यूटवादकाच्या नावे घातली. ‘आवे मारिया’ हे गीत ‘अज्ञात’ म्हणून दिले. त्याच्या मृत्यूनंतर इतरांनी या गीतावर जूलिओ काच्चिनी (१५५१–१६१८) याचे नाव चिकटवले. १९९५ साली लॅटव्हियाच्या इनेसा गालान्ते या गायिकेच्या ध्वनिमुद्रिकेमुळे ते जगभर गेले. आज विवाहविधीत आणि अंत्यविधीतही ते ‘काच्चिनीचे’ म्हणून गायिले जाते. वास्तविक त्या गीतात ‘आवे मारिया’ या दोन शब्दांपलीकडे शब्दच नाहीत, आणि शब्दार्थाला सर्वस्व मानणारा काच्चिनी असे लिहिणे संभवत नाही.

वाव्हिलोव्हने असे का करावे? त्याच्या कन्येने पुढे सांगितले, की एका अप्रसिद्ध माणसाच्या रचना कुणी प्रसिद्ध करणार नाही, अशी त्याची खात्री होती. आणि स्वतःच्या कीर्तीपेक्षा आपले संगीत लोकांपर्यंत जावे, याची त्याला अधिक आस होती. येथे आपली लेखणी अडखळते. लबाड मनुष्य दुसऱ्याची वस्तू आपल्या नावे करतो; याने तर आपली वस्तू दुसऱ्याच्या नावे केली. याला चोर कसे म्हणावे?

चोर म्हणू नये. तरीही एक भेद नजरेआड करू नये. आपले नाव झाकणे वेगळे आणि दुसऱ्याचे नाव लावणे वेगळे. आपल्या मराठीत टोपणनावाने लिहिणाऱ्या कवींची मोठी परंपरा आहे. त्यांनी कुणाला फसवले नाही, कारण टोपणनाव हा स्वतःच्याच चेहऱ्यावरचा पडदा असतो. मृताचे नाव मात्र त्याचे स्वतःचे असते. त्याने जे लिहिले नाही ते त्याच्या माथी मारणे म्हणजे जो उठून नकार देऊ शकत नाही, त्याच्या वतीने साक्ष देणे होय. आठवी आज्ञा शेजाऱ्याविषयी खोटी साक्ष देण्यास मना करते. मृत मनुष्यही आपला शेजारीच आहे. म्हणून माझ्या मते वाव्हिलोव्हची निरिच्छता खरी होती, पण तिने निवडलेला मार्ग निर्दोष नव्हता. नम्रतेला सत्याची गरज असते. असत्याच्या आधाराने उभी राहिलेली नम्रता दुसऱ्याच कुणाला तरी खर्चात घालते.

वाचकहो, निवाडा येथेच संपवला तर तो अर्धाच होईल. वाव्हिलोव्हची खात्री कुणी निर्माण केली? ज्या जगाचे कान आधी नाव ऐकतात आणि मग सूर, त्या जगाने. त्या जगात आपणही आहोत. गायनवृंदातील एखाद्या तरुणाने रचलेली चाल आपण ‘ठीक आहे’ म्हणून बाजूला ठेवतो आणि तीच परदेशी पुस्तकात छापलेली दिसली, तर आदराने ऐकतो. अशा वेळी आपण त्या तरुणाला नकळत शिकवीत असतो, की त्याचे नाव पुरेसे नाही. दुसऱ्याच्या असत्याचा काही भाग असा आपल्या पदरी येतो.

यावर उपाय साधा आहे. पोन्सेच्या त्या रचना आज पोन्सेच्याच नावे छापल्या व वाजवल्या जातात आणि त्यांची गोडी तिळभरही उणावलेली नाही. यापुढे विवाहाच्या गीतपत्रिकेवर ‘आवे मारिया’ छापताना काच्चिनीच्या जागी वाव्हिलोव्हचे नाव लिहावे. ज्याने आपले नाव सोडून दिले, त्याला ते परत देणे हे आपले ऋण आहे. आणि उद्या कुणी अनोळखी मनुष्य आपली रचना घेऊन दारी आला, तर त्याला नाव विचारण्याआधी ती ऐकून घ्यावी. ऐकून झाल्यावर मात्र नाव अगत्याने विचारावे व ते लक्षात ठेवावे.