टायर फुटणे आणि देवाची करणी

ऑक्टोबर २०१० मध्ये पुण्याहून मुंबईकडे निघालेल्या एका मोटारीचे मागचे चाक फुटले, गाडी खोल खड्ड्यात कोसळली आणि सहकाऱ्याच्या त्या गाडीत बसलेला अडतीस वर्षांचा माणूस जागीच गेला. कुटुंबाने भरपाई मागितली, न्यायाधिकरणाने सुमारे सव्वा कोटी रुपये मंजूर केले, आणि विमा कंपनी त्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात गेली. टायर फुटणे ही देवाची करणी आहे, त्याला माणूस कसा जबाबदार, असा तिचा बचाव होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये न्यायमूर्ती एस. जी. डिगे यांनी तो फेटाळला. ज्याला कुणीही माणूस जबाबदार नसतो आणि ज्याची आधी कल्पना येऊ शकत नाही असा निसर्गाचा भीषण प्रकोप, तीच देवाची करणी. टायर मात्र अति वेगाने, कमी किंवा जास्त हवेने, वापरलेला जुना टायर बसवल्याने किंवा तापमानाने फुटतो, आणि निघण्याआधी तो तपासणे हे चालकाचे आणि मालकाचे काम आहे, असे न्यायालयाने म्हटले. खटला निकाली निघाला, पण श्रद्धावान माणसापुढचा प्रश्न उरलाच. जगात जे घडते ते देवाच्या इच्छेने घडते असे मानणाऱ्याने फुटलेल्या टायरबद्दल काय म्हणावे? माझे मत स्पष्ट आहे. ज्या वस्तूचे आयुष्य ठाऊक असते आणि जन्मतारीख तिच्याच अंगावर छापलेली असते, तिच्या फुटण्याचा दोष देवावर टाकणे हा देवावरचा अन्याय आहे. आणि या बाबतीत धर्माची खरी परीक्षा अपघाताच्या क्षणी होत नसते. जुन्या गाडीला नवे टायर आणि रिम निवडण्यासाठी माणूस दुकानाच्या पायरीवर उभा असतो, तेव्हाच ती होऊन गेलेली असते.

टायर स्वतःबद्दल किती सांगतो हे पाहिले, तर ‘कुणाला ठाऊक होते’ हे वाक्य तोंडातून निघायला संकोच वाटेल. त्याच्या बाजूच्या भिंतीवर लांबोळ्या चौकटीत चार आकडे असतात. २३१९ असे असेल तर तो २०१९ सालच्या तेविसाव्या आठवड्यात तयार झाला. खाचांच्या तळाशी रबराचे छोटे उंचवटे असतात. रबर झिजून त्यांच्या पातळीला आले, म्हणजे खाच १.६ मिलिमीटरवर आली, की मोटारीच्या टायरची कायदेशीर मुदत संपली. १४५/८० आर १२ अशा मापापुढे ७४ हा आकडा दिसला तर योग्य हवेवर तो एक टायर ३७५ किलो भार पेलण्यासाठी बनवला आहे, असा त्याचा अर्थ. जुन्या गाडीची खरी गोम मात्र झिजेपेक्षा वयात असते. आमच्या बीड जिल्ह्यात अशी गाडी फार धावत नाही. लग्नकार्याला, बाजाराला, कुणी आजारी पडले तर अंबाजोगाईच्या सरकारी दवाखान्यात जायला ती बाहेर निघते. एरवी अंगणात उन्हात उभी असते. नक्षी शाबूत राहते, पण ऊन, उष्णता आणि हवेतला प्राणवायू रबर आतून कडक करत राहतात. पाच वर्षांनंतर दरवर्षी टायर जाणकाराकडून तपासून घ्यावा आणि नक्षी कितीही चांगली दिसली तरी दहा वर्षांपलीकडे तो वापरू नये, असे टायर बनवणारेच सांगतात. डिकीतल्या स्टेपनीलाही हे लागू आहे. कधीच न वापरल्यामुळे ती नवी आहे असा समज सगळीकडे आढळतो, आणि तो खोटा आहे. मराठवाड्यात मे महिन्यात पारा चाळिशी ओलांडतो. त्यात हवा कमी असेल तर टायरची बाजू प्रत्येक फेऱ्याला जास्त वाकते, त्या वाकण्यातून आत उष्णता साठते, थर एकमेकांपासून सुटतात, आणि शेवटी जो आवाज होतो त्यालाच आपण ‘अचानक’ म्हणतो.

निवड करतानाही मोह आणि जबाबदारी समोरासमोर येतात. गाडी जुनी झाली की तिला तरुण दाखवावेसे वाटते. मग मॅगव्हील बसवले जातात, मूळ मापापेक्षा रुंद टायर घातले जातात. यात पाप काही नाही. एकूण व्यास मूळ चाकाच्या जवळपास राहिला, बोल्टांचे अंतर, रिमचा ऑफसेट आणि भारक्षमता जुळली, तर रिम बदलता येते. १६५/८० आर १४ च्या जागी १८५/६५ आर १५ घातला तर व्यासात फक्त दोनएक मिलिमीटरचा फरक पडतो. पण दिसण्यासाठी खर्च करायचा आणि भाराचा आकडा कमी असलेला टायर घ्यायचा, किंवा मॅगव्हीलवर पैसे गेले म्हणून टायर वापरलेले घ्यायचे, इथे गोष्ट बिघडते. गोटा झालेल्या टायरवर गरम पात्याने पुन्हा खाचा कोरून तो विकणारा आणि ते समजून-उमजून घेणारा, दोघेही रस्त्यावरच्या तिसऱ्या माणसाशी खोटे बोलत असतात. तो तिसरा माणूस कधी मोटरसायकलवर असतो, कधी पोराला कडेवर घेऊन फाट्यावर उभा असतो. हा सौदा ठरला तेव्हा त्याला कुणी विचारलेले नसते.

आता दैवाकडे येऊ. गीतेच्या अठराव्या अध्यायात कोणत्याही कर्माची पाच कारणे सांगितली आहेत : अधिष्ठान, कर्ता, वेगवेगळी साधने, नाना प्रकारच्या हालचाली आणि पाचवे दैव. भाष्यकार अधिष्ठान म्हणजे शरीर असा अर्थ लावतात; आपल्या प्रश्नापुरती तिथे गाडी धरायला हरकत नाही. कर्ता म्हणजे मालक आणि चालक. साधने म्हणजे टायर, रिम, ब्रेक. हालचाली म्हणजे वेग, भरलेली माणसे, हवा तपासणे किंवा न तपासणे. एवढे सगळे झाल्यावर दैव येते. गीतेने दैव नाकारलेले नाही, पण त्याला पाचातला एक वाटा दिला आहे आणि तोही उरलेल्या चारांबरोबर. आपण नेमके उलटे करतो. चार कारणे गुंडाळून ठेवतो आणि पाचव्याच्या गळ्यात सगळे घालतो. शंकराचार्यांनी या श्लोकावर लिहिताना दैवाचा जो अर्थ दिला आहे तो तर आपल्या सोयीच्या अर्थाला पार उलथून टाकतो. डोळा वगैरे इंद्रियांवर अनुग्रह करणाऱ्या सूर्यादी देवता, असा तो अर्थ आहे. म्हणजे ज्या उजेडात टायरवरचे चार आकडे वाचता येतात, तो उजेड हेच दैव. देवाने डोळ्याला प्रकाश दिला आणि माणसाने पाहिले नाही, तर करणी कुणाची? याच अध्यायात पुढे, केवळ स्वतःलाच कर्ता समजणाऱ्याला अपुऱ्या बुद्धीचा म्हटले आहे. तो इशाराही खरा आहे, आणि त्याकडे मी शेवटी येईन. पण ‘मीच एकटा कर्ता नाही’ यातून ‘मी कर्ताच नाही’ असे निघत नाही.

ज्याला निःसंशय निसर्गाचा प्रकोप म्हणावे असे उदाहरण आपल्या शेजारीच आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीला धरणी हादरली आणि लातूर-उस्मानाबादच्या गावांत हजारो माणसे गेली. भूकंप माणसाने आणला नव्हता. पण माणसे मारली ती मुख्यतः दगड-मातीच्या रुंद, जड भिंतींनी आणि धाब्याच्या छतांनी, हे नंतरच्या पाहण्यांतून पुढे आले, आणि पुनर्वसनातली घरे बांधताना भूकंपाचा विचार करावा लागला. त्या गावकऱ्यांना दोष देण्याचा अधिकार कुणालाही नाही; आपल्या प्रदेशाला असा धोका आहे हे त्यांना कुणी सांगितलेलेच नव्हते. मात्र एकदा कळल्यावर पुन्हा तशाच भिंती उभारल्या असत्या, तर त्याला कुणी देवाची करणी म्हटले नसते. ज्ञान आले की दैवाची हद्द मागे सरकते. टायरच्या बाबतीत ती कितीतरी मागे सरकलेली आहे.

दैव मानूनही आपला वाटा उचलायचा, हा केवळ गीतेचा विचार आहे असेही नाही. आमच्या जिल्ह्यातल्या युसूफ वडगावात आणि आसपासच्या गावांत वेगवेगळ्या श्रद्धांचे लोक राहतात, आणि नशिबाची भाषा सगळ्यांच्या घरी बोलली जाते. युसूफ हे नाव ज्या पैगंबरांचे, त्यांची कुराणातली कथा बीडसारख्या दुष्काळी जिल्ह्याने लक्षपूर्वक ऐकावी अशी आहे. राजाच्या स्वप्नाचा अर्थ त्यांनी सांगितला : सात वर्षे पीक येईल, मग सात वर्षे दुष्काळ पडेल. दुष्काळ ईश्वराने ठरवलेलाच होता. तरीही युसूफांनी हात जोडून बसा असे सांगितले नाही. पहिल्या सात वर्षांतले धान्य कणसातच राखून ठेवायला सांगितले. पुढचे कळणे हीच कृपा होती, आणि तयारी करणे ही त्या कृपेला दिलेली पावती. उंट मोकळा सोडून देवावर भरवसा ठेवू का, असे विचारणाऱ्याला आधी उंट बांध, असे पैगंबर मुहंमदांनी सांगितल्याची हदीसही प्रसिद्ध आहे. बौद्ध परंपरेत सीवक नावाच्या परिव्राजकाने बुद्धांना विचारले होते, की माणूस जे सुखदुःख भोगतो ते सगळे पूर्वकर्माचेच फळ असते का? बुद्धांनी ते मान्य केले नाही. पित्त, कफ, वात, ऋतुबदल अशी कारणे त्यांनी सांगितली, त्यांत नीट काळजी न घेणे हेही एक वेगळे कारण म्हणून सांगितले, आणि पूर्वकर्माचे फळ हे आठांपैकी एक धरले. निष्काळजीपणा हा निष्काळजीपणाच आहे, त्याला गतजन्माचा बुरखा घालू नये, इतक्या स्पष्टपणे हे तिथे मांडलेले आहे. योगवासिष्ठ तर याहून पुढे जाते आणि दैव म्हणजे आपलाच पूर्वीचा प्रयत्न, आजच्या अधिक बळकट प्रयत्नाने तो मागे सारता येतो, असे ठणकावते.

यावर गंभीर आक्षेप असा, की मग दुःखी माणसाकडून त्याचा आधार काढून घ्यायचा का? ज्या आईचा मुलगा रस्त्यावर गेला ती ‘देवाची मर्जी’ म्हणते, तेव्हा तिला टायरची तारीख वाचून दाखवायची का? मुळीच नाही. इथे कोण बोलतो आणि केव्हा बोलतो, याला मी सर्वांत जास्त महत्त्व देतो. आघात सोसलेल्याच्या तोंडी ‘देवाची मर्जी’ ही प्रार्थना असते. त्यातून तो उभा राहतो, सूड आणि आत्मपीडा दोन्ही टाळतो. तेच वाक्य ज्याने टायर बसवला त्याच्या तोंडी, किंवा भरपाई चुकवू पाहणाऱ्या कंपनीच्या तोंडी आले, की सबब होते. प्रारब्धाची कल्पना झालेले सोसण्यासाठी आहे. व्हायचे आहे त्याला मोकळे रान देण्यासाठी ती वापरली, तर तिचे बळही जाते आणि पावित्र्यही. मोठा आघात होतो तेव्हा लोकांना ती कल्पना खरोखर हवी असते. म्हणूनच ती पंक्चरच्या दुकानात स्वस्तात खर्चून टाकू नये.

दुसरा आक्षेप पैशाचा आहे, आणि तो मला अधिक टोचतो. ज्या जिल्ह्यातली हजारो कुटुंबे ऊसतोडीला सहा-सहा महिने घर सोडून जातात, तिथे चार नवे टायर घ्या हे सांगणे सोपे आहे, घेणे नाही. जबाबदारी ऐपतीच्या प्रमाणातच मोजली पाहिजे, हे मान्य. पण ऐपत संपते तिथे निवड संपत नाही. हवा मोजायला फारसे पैसे लागत नाहीत. चार जमत नसतील तर दोन चांगले घ्यावेत आणि ते मागे बसवावेत, कारण ओल्या रस्त्यावर मागची पकड सुटली की गाडी गरकन फिरते आणि सामान्य चालकाला ती आवरत नाही. मूळ लोखंडी रिम सरळ असेल, काठाला गंज नसेल, तर तीच ठेवावी आणि मॅगव्हीलचे पैसे टायरात घालावेत. टायर बदलेपर्यंत वेग कमी ठेवावा, पाचांच्या जागी आठ माणसे कोंबू नयेत, भर दुपारी लांब पल्ल्याला निघू नये. आणि गरिबीचे हे समर्थन फार वेळा तेच लोक देतात ज्यांनी त्याच महिन्यात गाडीला मोठा स्पीकर बसवलेला असतो. खरोखर अडलेला माणूस बहुधा सावकाश आणि जपून चालवताना दिसतो.

एवढे करूनही टायर फुटू शकतो, अपघात होऊ शकतो. ट्रॉलीतून पडलेला लोखंडी तुकडा, ऐनवेळी आडवे आलेले जनावर, कारखान्यातच राहून गेलेला दोष, हे चालकाच्या हातात नसते. पाचवे कारण खरे आहे, आणि सगळे काही आपल्या तपासणीने आटोक्यात आले असे समजणारा माणूस गीतेने म्हटलेल्या त्याच अपुऱ्या बुद्धीचा ठरतो. अशा वेळी देवाची करणी म्हणायला माझी ना नाही. पण तो शब्द उच्चारण्याचा हक्क आधीची चार कारणे प्रामाणिकपणे सांभाळणाऱ्यालाच पोचतो. खंडेनवमीला आपण गाडी धुतो, झेंडूची माळ घालतो, चाकाखाली लिंबू ठेवतो. ते अवश्य करावे. ज्या साधनावर जीव सोपवायचा त्यापुढे नम्र व्हावे, हा त्यातला भाव मला मोलाचा वाटतो. त्याच वेळी चारही चाकांवरचे आणि स्टेपनीवरचे ते चार आकडे वाचा, घरातल्या शिकलेल्या मुलीला वाचायला सांगा आणि भिंतीवरच्या दिनदर्शिकेत लिहून ठेवा. दहा वर्षे उलटलेली असतील, तर त्या गाडीत कुणालाही बसवण्याआधी टायर बदला.