मानाचे नाव आणि माणसाचे नाव

शिवी दिली असता अपमान होतो हे लहान मुलासही कळते. परंतु मानाचा शब्द उच्चारूनही अपमान करता येतो, आणि तो करणाऱ्यास आपण काही अनुचित करीत आहो याची पुसट जाणीवही नसते, ही गोष्ट तितकी सहज ध्यानात येत नाही. ज्याच्या मनात द्वेष नाही, ज्याच्या मुखावर हसू आहे आणि ज्याने योजलेला शब्द कोशातही आदरार्थीच सापडेल, त्यास दोषी धरावे काय? हा प्रश्न वरवर पाहता अगदी किरकोळ वाटतो. पण एखाद्या माणसाच्या आयुष्यात ठेवून तो पाहिला म्हणजे त्याचे वजन कळते. मला तो उमगला तो जॉन टॉर्टेस मायर्स या अमेरिकन बेसबॉलपटूचे चरित्र वाचताना.

मायर्स यांचा जन्म २९ जुलै १८८० रोजी कॅलिफोर्नियातील रिव्हरसाइड येथे झाला. ते कहुइला नावाच्या तेथील मूळ रहिवाशांच्या समाजातले. कोलंबसाच्या भूगोलातील एका चुकीमुळे या सर्व लोकांस 'इंडियन' हे नाव पडले, आणि चूक उघडकीस आल्यावरही ते तसेच राहिले. १९०५ साली मायर्स डार्टमथ कॉलेजात दाखल झाले. या विद्यालयाची सनद १७६९ सालची असून मूळ रहिवाशांच्या मुलांस शिक्षण देणे हा तिच्यातील पहिला हेतू होता. प्रत्यक्षात पुढील दोन शतकांत तेथून पदवी घेऊन बाहेर पडलेले असे विद्यार्थी अगदीच थोडे. मायर्सही तेथे फार दिवस राहिले नाहीत. बेसबॉल हाच त्यांचा चरितार्थ झाला, आणि १९०९ साली ते न्यूयॉर्क जायंट्स या नामांकित संघात कॅचर म्हणून उतरले.

आपल्याकडील वाचकांस क्रिकेटमधील यष्टिरक्षकावरून कॅचरची थोडीबहुत कल्पना येईल. पण दोघांत एक मोठा भेद आहे. फलंदाजाच्या मागे, तोंडावर जाळीचा मुखवटा आणि हातात गादीसारखा जाड मोजा घालून, उकिडवा बसलेला हा गडी केवळ चेंडू अडवीत नाही. पुढचा चेंडू कोणता टाकावा याची खूण तो बोटांनी पिचरला करतो. क्षेत्ररक्षकांपैकी बाकीचे सारे त्याच्या दिशेने पाहत असतात. अवघे मैदान समोर ठेवून बसलेला तो एकटाच असतो. कोणता फलंदाज कशास भुलतो, कोण केव्हा धावू पाहील, हे सर्व त्यास मनात बाळगावे लागते. थोडक्यात, हे काम जितके अंगमेहनतीचे तितकेच बुद्धीचे. क्रिस्टी मॅथ्यूसन या आपल्या काळातील अग्रगण्य पिचरची गोलंदाजी मायर्स यांनी वर्षानुवर्षे झेलली. फलंदाजीतही ते मागे नव्हते. ज्या खेळात दर हजार संधींत तीनशे वेळा यश मिळवणारा उत्तम गणला जातो, त्यात त्यांचे प्रमाण १९११ साली ३३२, १९१२ साली ३५८ आणि १९१३ साली ३१२ असे होते. या तिन्ही वर्षी जायंट्स संघ अंतिम मालिकेपर्यंत पोचला, आणि तिन्ही वर्षी हरला.

एवढ्या कर्तृत्वाच्या माणसास प्रेक्षक व वृत्तपत्रे कोणत्या नावाने ओळखीत? 'चीफ' मायर्स. चीफ म्हणजे टोळीचा नायक. शब्द मानाचाच आहे. परंतु मायर्स काही कोणत्याही टोळीचे नायक नव्हते. नायकपण ही पदवी नसून जबाबदारी असते; ती ज्यास आपल्या लोकांनी दिली त्यालाच शोभते. प्रेक्षकांच्या डोळ्यांसमोर मात्र चित्रांतला पिसांचा मुकुट होता, आणि मूळ रहिवाशांपैकी जो कोणी मैदानात उतरेल त्याच्या डोक्यावर तो ठेवण्यास ते उत्सुक होते.

१९११ च्या अंतिम मालिकेतील पहिलाच सामना याची साक्ष देतो. जायंट्सकडून मायर्स खेळत होते; प्रतिपक्षाचा, म्हणजे फिलाडेल्फियाच्या संघाचा, पिचर होता चार्ल्स अल्बर्ट बेंडर, ओजिब्वे समाजातला. सामना जायंट्सनी दोन विरुद्ध एक असा जिंकला. बेंडर यांसही लोक 'चीफ'च म्हणत! म्हणजे एकाच मैदानावर, परस्परविरुद्ध पक्षांत, दोन निरनिराळ्या समाजांतली, दोन निरनिराळ्या स्वभावांची माणसे, आणि दोघांस मिळून एकच नाव. नावाचे काम काय? एका माणसास दुसऱ्यापासून वेगळे करून दाखवणे. जे नाव हे काम करीत नाही, ते नाव नव्हे; ती चिठ्ठी होय, आणि ती माणसावर नव्हे, त्याच्या जातीवर डकवलेली असते. बेंडर स्वतः सही करताना 'चार्ल्स' असेच लिहीत, यात सर्व काही आले.

यावर कोणी म्हणेल की, खेळाडूंस टोपणनावे असतातच. मॅथ्यूसन यांस 'मॅटी' म्हणत, त्याबद्दल कोणी खंत केली नाही. आक्षेप रास्त आहे आणि त्यास उत्तर देणे अवश्य आहे. 'मॅटी' हे त्यांच्याच नावाचे लाडके रूप; ते दुसऱ्या कोणास चिकटवता आले नसते. टोपणनाव प्रेमाचे की तुच्छतेचे, हे पारखण्यास माझ्या मते दोन कसोट्या पुरेशा आहेत. उद्या याच समाजातला दुसरा माणूस आला तर हेच नाव त्यालाही विनासायास देता येईल काय? आणि हा माणूस स्वतःच्या पत्राखाली हे नाव आपखुषीने लिहील काय? पहिल्याचे उत्तर होय आणि दुसऱ्याचे नाही असे आले, की बोलणाऱ्याच्या मनात कितीही माया असली तरी त्या नावात माणूस उरलेला नाही असे समजावे. आणि तो हाकेला ओ देतो एवढ्यावरून त्याची संमती गृहीत धरू नये. ज्याची भाकर त्या मैदानावर आहे, तो पुष्कळ हाकांना ओ देतो.

तथापि याहून बिकट प्रश्न पुढेच आहे. मायर्स यांना निदान प्रवेश तरी मिळाला, असे कोणी म्हणेल. त्या काळी मोठ्या संघांची दारे कृष्णवर्णीयांस पूर्ण बंद होती. ती १९४७ साली जॅकी रॉबिन्सन यांच्या रूपाने उघडली. पुढे मायर्स यांना संघात घेणारे जायंट्सचे चालक जॉन मॅग्रॉ यांनीच १९०१ साली, बाल्टिमोरला असताना, चार्ली ग्रँट या कृष्णवर्णीय खेळाडूस चेरोकी ठरवून 'टोकोहामा' या नावाने खेळवण्याचा घाट घातला होता; तो फसला. एकास आत येण्यासाठी स्वतःचे नाव टाकून परक्याचे घ्यावे लागत होते, आणि दुसऱ्यास आत आल्यावर परक्यांनी दिलेले सोसावे लागत होते. दार उघडे असणे आणि घरात आपले असणे यांत अंतर आहे. १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या लॉरेन्स रिटर यांच्या ग्रंथात वृद्ध मायर्स यांनी तरुणपणी आपण परके गणले जात होतो असे सांगितले आहे. ज्यांचे पूर्वज त्या भूमीवर सर्वांच्या आधी होते, त्याने परका ठरावे! सर्व मूळ रहिवाशांस नागरिकत्व देणारा कायदा १९२४ साली झाला. मायर्स यांची मोठ्या संघांतील कारकीर्द १९१७ सालीच संपली होती. १९७१ साली ते वारले. क्लीव्हलँडच्या संघाने आपले 'इंडियन्स' हे नाव टाकले ते त्यानंतर अर्धशतकाने, २०२१ साली.

हे सारे दूरदेशीचे म्हणून मी समाधानाने पुस्तक मिटले असते. पण तसे करण्याचा मला अधिकार नाही. पुष्कळ वर्षांपूर्वी माझ्या वर्गात जव्हारकडील एक वारली मुलगा होता. जव्हारला पूर्वी आदिवासी राजघराणे होते, हे कोठेतरी वाचलेले मला आठवले, आणि पहिल्याच दिवशी मी त्यास हसत 'या, राजे!' म्हटले. वर्ग हसला, तोही हसला. ते घराणे वारल्यांचे नव्हे, महादेव कोळ्यांचे, एवढी चौकशी करण्याची तसदी मी घेतली नव्हती. पुढे सगळे कॉलेज त्यास राजे म्हणू लागले. मला वाटे, मी त्याचा संकोच घालवला. हजेरी क्रमांकाने होत असे. त्यामुळे पदवी घेईपर्यंत मी त्याचे नाव एकदाही उच्चारले नाही.

दहाबारा वर्षांनी एका समारंभात तो भेटला. शिक्षक झाला होता. पत्नी व लहान मुलगी बरोबर होती. त्याने वाकून नमस्कार केला, आणि मी मोठ्या प्रेमाने म्हणालो, 'काय राजे!' मुलीने बापाकडे आश्चर्याने पाहिले. तो शांतपणे म्हणाला, 'सर, माझे नाव आपल्याला आठवते का?' त्याच्या स्वरात राग नव्हता, टोमणाही नव्हता. त्यास खरोखरच जाणून घ्यायचे होते. मला ते आठवेना.

माझ्या मनात द्वेष नव्हता, हे मी आजही शपथेवर सांगेन. परंतु आरंभी जो प्रश्न केला त्याचे उत्तर त्या मुलीच्या पाहण्यात मला मिळाले. द्वेष नसणे एवढेच पुरेसे नसते; समोरच्यास पाहण्याचे कष्टही घ्यावे लागतात, आणि त्यांतला पहिला कष्ट त्याचे नाव विचारण्याचा. दुसऱ्या दिवशी कॉलेजात जाऊन मी जुने नोंदपुस्तक काढवले, ते नाव शोधले आणि त्यास पत्र लिहिले. पाकिटावर ते पूर्ण नाव लिहिताना माझा हात किंचित थबकला. त्या अक्षरांची त्यास सवय नव्हती.