सरकारी जागेतली माणसं

बांध कोरणाऱ्याला आमच्याकडं चोरच म्हणतात. मग तो वीतभर सरकलेला असो की हातभर. मग चंदीगडच्या नेकचंदला काय म्हणायचं? तिथलं रॉक गार्डन बघून आल्यापासून हा पेच काही सुटत नाही.

नेकचंद सैनी हा रस्त्याच्या कामावरचा सरकारी निरीक्षक. त्याचं मूळ गाव फाळणीत पाकिस्तानात गेलेलं. कागदावर पट्टीनं रेघा मारून आखावं तसं नवं चंदीगड उभं राहत होतं आणि त्यासाठी तिथली जुनी गावं उठवली होती. त्या पडझडीतलं सामान हा गडी ड्यूटी संपली की सायकलवरनं आणायचा. फुटक्या कपबश्या, संडासाची भांडी, सायकलींचे सांगाडे, बांगड्यांचे तुकडे, जे मिळंल ते. सुखना तलावाजवळच्या रानात बांधकामाला मनाई होती. तिथंच १९५८ च्या आसपास त्यानं चोरून माणसं घडवायला घेतली. मूर्तिकला त्याला शिकवली कुणी नव्हती. पंधराएक वर्षं हे चाललं तरी सरकारला पत्ता नाही.

बांगड्यांच्या तुकड्यांनी अंग मढवलेल्या बायका तिथं रांगेनं उभ्या आहेत. त्यांच्यापुढं आमची मंडळी बराच वेळ थांबली. आपल्यात बांगडी फुटली असं म्हणतसुद्धा नाहीत, वाढवली म्हणतात. आणि इथं त्या फुटक्या काचेचीच लुगडी!

कायद्यानं बघितलं तर हे सगळं अतिक्रमण. पण साहेबलोकांनी ते पाडलं नाही. १९७६ साली लोकांना खुलं केलं, नेकचंदला पगार दिला, हाताखाली मजूर दिले. १९८४ ला पद्मश्री मिळाली. १९९० मध्ये रस्त्यासाठी बुलडोझर आला तेव्हा लोक आडवे झाले. ऐकून बरं वाटतं. मलाही वाटलं.

पण आमच्या शिवारात गायरानातली मजुरांची खोपटं हलवली तेव्हा कुणीच आडवं झालं नाही. मीही बांधावरनं बघत होतो. तिथंही सगळं सामान टाकाऊच होतं. फाटकी पोती, गंजलं पत्रं, कुठनं कुठनं वेचलेल्या विटा. एका बाईनं तर दाराशी शंखशिंपल्यांची नक्षी केलेली. ती साहेबाच्या नजरेत भरली नाही.

थोरला म्हणतो, "आबा, नेकचंदनं स्वतःच्या पोटासाठी काही घेतलं नाही, सगळं लोकांनाच राहिलं." खरं आहे. बांध कोरणारा आणि तो एका तागडीत बसत नाहीत. पण मग निवाऱ्यासाठी जागा घेणारा गुन्हेगार आणि मूर्तीसाठी घेणारा कलावंत, हे मला पचत नाही. नेकचंदचं पाडायला हवं होतं असं मी म्हणत नाही. त्याला सोडलं त्या मनानं बाकीच्यांकडं का बघता आलं नाही, एवढंच विचारतोय.

ज्या गावांच्या कपबश्या त्या भिंतींत बसल्यात, ती माणसं पुढं कुठं गेली, असं मी तिथल्या रखवालदाराला विचारलं. तो म्हणाला, पुढं सरका बाबा, मागं गर्दी होतीय.