अपुरे दाखवण्याची सचोटी

रहस्यपटाचा किंवा भयपटाचा प्रेक्षक पडद्यावर उजळून दिसणाऱ्या गोष्टीवर विश्वास ठेवतो आणि अंधारात राहिलेल्या गोष्टीविषयी स्वतःच तर्क करू लागतो. त्यामुळे अशा चित्रपटात प्रेक्षकाला काय आणि केव्हा कळावे, हे ठरवण्याचा मोठा अधिकार छायालेखकाकडे, म्हणजेच कॅमेरा आणि प्रकाशयोजना सांभाळणाऱ्या कलावंताकडे येतो. या अधिकाराबरोबर एक नैतिक बंधनही येते आणि ते कसे पाळावे, याचा वस्तुपाठ जोसेफ विरशिंग यांच्या कारकिर्दीत सापडतो.

म्युनिक येथे १९०३ साली जन्मलेले विरशिंग ‘प्रेम संन्यास’ (१९२५) या मूकपटाच्या निमित्ताने भारतात आले आणि १९३४ मध्ये हिमांशू राय व देविका राणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीजची स्थापना केल्यावर तेथील छायालेखनाची धुरा त्यांच्याकडे आली. ‘जवानी की हवा’ (१९३५) ही गुन्हेगारीची कथा आणि ‘अछूत कन्या’ (१९३६) ही सामाजिक शोकांतिका त्यांनी लागोपाठच्या वर्षांत चित्रित केली. दुसऱ्या महायुद्धात जर्मन नागरिक म्हणून ब्रिटिश सरकारने त्यांना स्थानबद्ध केल्याने या वाटचालीत खंड पडला. तरीही युद्धानंतर ते बॉम्बे टॉकीजमध्ये परतले आणि कमाल अमरोही दिग्दर्शित ‘महल’ (१९४९) त्यांच्या हातून घडला.

‘महल’मधील कामिनी हा अतृप्त आत्मा आहे, अशी नायकाची व प्रेक्षकाची समजूत होत जाते आणि अखेरीस ती माळ्याची मुलगी आशा असल्याचे उघड होते. अशा कथेत प्रकाशाने ती भूत असल्याची ग्वाही दिली असती, तर शेवट ही फसवणूक ठरली असती; आणि तिचे माणूसपण आधीच उघड केले असते, तर रहस्यच उरले नसते. या पेचातून वाट काढण्यासाठी लो-की प्रकाशयोजना उपयोगी पडते. मुख्य दिव्यामुळे पडणाऱ्या सावल्या सौम्य करणारा पूरक प्रकाश या पद्धतीत कमी ठेवला जातो, त्यामुळे चेहऱ्याचा काही भाग उजळतो, उरलेला काळोखात विरतो आणि एकाच दृश्याचे दोन अर्थ संभवतात. कामिनी साकारणाऱ्या मधुबालाचा चेहरा म्हणूनच अलौकिकही भासतो आणि शेवट कळल्यावर तितकाच मानवीही वाटतो.

भयपटाकडे दुय्यम प्रकार म्हणून पाहण्याची सवय समीक्षेत जुनी आहे. परंतु कमी दाखवून अधिक सुचवण्याचा हा संयम इतर कोणत्याही चित्रप्रकारात क्वचितच इतक्या काटेकोरपणे तपासला जातो. विरशिंग यांचे १९६७ साली निधन झाले, तेव्हा त्यांनी चित्रणास घेतलेला अमरोहींचाच ‘पाकीजा’ अपूर्ण होता. एकाच छायालेखकाने गूढकथा आणि सामाजिक कथा सारख्याच निष्ठेने हाताळली, ही गोष्ट प्रकारांची उतरंड मान्य करणाऱ्यांनी विचारात घ्यायला हवी. भयपटाच्या छायालेखकाचे मोल त्याने प्रेक्षकाला किती वेळा दचकवले यावरून ठरवू नये. रहस्य उलगडल्यानंतर चित्रपट पुन्हा पाहताना त्याची एकही चौकट खोटी ठरत नसेल, तर तीच त्याच्या कलेची खरी कसोटी मानावी.